पारस एरर

दिवाळीत परतूरला गेलो होतो. घर आवरताना कपाटाच्या सगळ्यात वरच्या कप्प्यात, जुन्या लग्नपत्रिकांच्या गठ्ठ्याखाली, माझा पहिला टॅबलेट सापडला. सात इंची, काळा, आणि बॅटरी फुगल्यामुळे मागचं झाकण टम्म वर आलेलं. चालू होण्याचा प्रश्नच नव्हता. पण बाजूच्या खाचेत आठ जीबीचं मेमरी कार्ड अजून तसंच होतं.

त्या कार्डाकडे शेवटी येतो. आधी थोडा इतिहास, कारण माझ्यासारख्या पोराच्या हातात २०१३ साली परतूरमध्ये टॅबलेट पडला, याचं कारण बऱ्याच अंशी दिल्लीत होतं.

५ ऑक्टोबर २०११ ला तेव्हाचे मनुष्यबळ विकास मंत्री कपिल सिबल यांनी 'आकाश' टॅबलेट जाहीर केला. बनवणारी कंपनी डेटाविंड, जुळणी हैदराबादेत, आणि सरकारला पडलेली किंमत सुमारे २,२५० रुपये. जगातला सगळ्यात स्वस्त टॅबलेट म्हणून देशोदेशीच्या पेपरांत फोटो आले. आत काय होतं? ३६६ मेगाहर्ट्झचा प्रोसेसर, २५६ एमबी रॅम, २ जीबी जागा, अँड्रॉइड २.२ आणि रेझिस्टिव्ह स्क्रीन. रेझिस्टिव्ह म्हणजे बोट नुसतं टेकवून भागत नाही, दाबावं लागतं. एटीएमचा जुना स्क्रीन आठवा. नखाने चालतो, पेन्सिलीने चालतो, मायेने फिरवलेल्या बोटाने चालत नाही.

हा टॅबलेट शिक्षणासाठी होता, त्यात खेळांचा विचार नव्हता हे उघड आहे. पण गंमत अशी की खेळाचं दुकान त्यात होतंच! गुगलचं अँड्रॉइड मार्केट मात्र नव्हतं. अँड्रॉइड ही सिस्टीम फुकट, कोणीही घ्या आणि बसवा. पण मार्केट हवं असेल तर गुगलच्या चाचण्या पास व्हाव्या लागत, परवाना घ्यावा लागे. २.२ च्या काळातल्या नियमांनुसार उपकरणाला मागचा कॅमेरा, जीपीएस, होकायंत्र असायलाच हवं होतं. आकाशला कॅमेराच नव्हता, म्हणजे विषय संपला. त्याऐवजी त्यात गेटजार नावाचं दुकान दिलं होतं.

आता हे गेटजार म्हणजे काही ऐरंगैरं नाव नाही बरं का. 'अँग्री बर्ड्स' पूर्ण रूपात अँड्रॉइडवर आला तो १५ ऑक्टोबर २०१० ला, आणि गुगलच्या मार्केटमध्ये येण्याआधी याच गेटजारवर आला. लोक इतके तुटून पडले की त्यांचे सर्व्हर आडवे झाले. पण आपल्या गोष्टीसाठी खरी महत्त्वाची घटना त्यानंतर महिन्याभराची. नोव्हेंबर २०१० मध्ये रोव्हिओ या फिनलंडच्या कंपनीला जाहीरपणे माफी मागावी लागली. जुन्या आणि कमी ताकदीच्या अँड्रॉइड फोनांवर गेम अडखळत होता. त्यांनी अशा फोनांची यादी छापली आणि त्यांच्यासाठी हलकी आवृत्ती काढू असं सांगितलं. म्हणजे आकाश जन्माला यायच्या वर्षभर आधीच हे कळून चुकलं होतं, की अँड्रॉइड म्हणजे एक यंत्र नव्हे, शंभर प्रकारची यंत्रं आहेत आणि एकच गेम त्या सगळ्यांवर नीट चालत नाही.

२०१२ च्या सुरुवातीला आकाशचं सरकारी गाडं अडलं. चाचणी करणारी आयआयटी राजस्थान आणि कंपनी यांच्यात वाजलं. कंपनीचं म्हणणं होतं की टॅबलेट तासाला चार इंच पावसात टिकला पाहिजे अशी अट घातली जातेय. (त्याच वर्षी जालना जिल्ह्यात पावसाने अशी दडी मारली की २०१३ च्या उन्हाळ्यात जिल्हा टँकरवर होता. आमच्याकडे ही चाचणी घ्यायला पाणी कुठून आणलं असतं देव जाणे.) मग काम आयआयटी मुंबईकडे आलं. प्रा. दीपक फाटक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यावर बरंच काही केलं. सायलॅब, पायथन, सी प्लस प्लस टॅबलेटवर चालवलं, आणि देशभरातल्या इंजिनिअरिंग कॉलेजांमधल्या हजारो शिक्षकांना दूरस्थ केंद्रांतून प्रशिक्षण दिलं. ११ नोव्हेंबर २०१२ ला राष्ट्रपती प्रणव मुखर्जी यांच्या हस्ते 'आकाश २' आला. १ गिगाहर्ट्झ, ५१२ एमबी रॅम, ४ जीबी जागा, अँड्रॉइड ४.०, आणि मुख्य म्हणजे बोटाने चालणारा कपॅसिटिव्ह स्क्रीन. सरकारला २,२६३ रुपयांना, विद्यार्थ्याला १,१३० ला.

तो परतूरपर्यंत काही पोचला नाही. आलं ते त्याचं चुलत भावंड.

झालं होतं असं की २०१२ साली ऑलविनर नावाच्या चिनी कंपनीने ए१३ नावाची अतिशय स्वस्त चिप काढली. आकाश २ मध्येही तीच. ती चिप, सात इंची स्क्रीन आणि प्लॅस्टिकचं खोकं एवढं जमवलं की झाला टॅबलेट. त्यावर कुठलंही नाव छापा. पेपरात रोज 'आकाश, आकाश' वाचून टॅबलेट म्हणजे अभ्यासाची वस्तू हे गावोगावच्या आईबापांच्या डोक्यात पक्कं बसलं होतं. जाहिरात सरकारने केली, माल भलत्यांनीच विकला!

माझे पप्पा मोंढ्यात आडतीवर मुनीम. त्या वर्षी कापूस नाही, सोयाबीन नाही, आडत निम्मी बंद. तरी जानेवारी २०१३ मध्ये त्यांनी जालन्याहून ४,२०० रुपयांचा टॅबलेट आणला. मी नववीत होतो. पुढच्या वर्षी दहावी, पोरगा मागं पडू नये, एवढाच हिशोब.

आणि मी काय केलं? दुसऱ्या दिवशी 'टेंपल रन' शोधायला निघालो.

वायफाय आमच्या गल्लीत कोणाकडेच नव्हतं. टॅबलेटवर प्ले स्टोअरचं चित्र होतं, पण ते उघडायचं आणि मिटायचं. डोंगल लावून टूजीवर ४० एमबीचा गेम उतरवायचा म्हणजे तास सव्वा तास, तोही रेंज टिकली आणि लाईट गेली नाही तर. त्यामुळे आमचं खरं प्ले स्टोअर होतं बाजारातलं मोबाईलचं दुकान. बाहेर पाटी : 'मेमरी कार्ड भरून मिळेल'. गाणी, पिक्चर आणि गेम. कार्ड द्यायचं, वीस रुपये द्यायचे, दहा मिनिटांनी कार्ड परत. गेम कुठून आले हे त्याने सांगितलं नाही, आम्ही विचारलं नाही. प्रत्येक गेमबरोबर दोन तीन जाहिरातबाज पाहुणेही घरात शिरत, हे नंतर कळलं.

सेटिंगमध्ये जाऊन 'अननोन सोर्सेस' वर टिक करणे हा आमच्या पिढीचा मुंज-संस्कार. मग फाईल मॅनेजर उघडा, एपीके फाईलवर बोट ठेवा आणि प्रार्थना करा. निम्म्या वेळा यायचं 'पार्स एरर'. दुकानदार भाऊ त्याला 'पारस एरर' म्हणायचा आणि एखाद्या वैद्याच्या गांभीर्याने मान हलवायचा. "पारस एरर आला म्हणजे गेम मोठा आहे, तुझा टॅब लहान आहे."

अगदीच चूक नव्हतं ते. पॅकेज वाचताना सिस्टीम अडकली की तो संदेश येतो. एकतर फाईल अर्धवट कॉपी झालेली, नाहीतर गेमला नवं अँड्रॉइड हवं असलेलं. पण 'लहान' हा शब्द त्याने अचूक वापरला होता. कारण दुसरी अडचण जागेची. डबीवर लिहिलेलं ४ जीबी, त्यात सिस्टीम वजा, आणि उरलेल्याचे दोन वाटे. एक वाटा ॲपचा, दुसरा 'एसडीकार्ड' नावाचा, जो प्रत्यक्षात कार्ड नव्हेच, आतलीच जागा! खरं कार्ड 'एक्स्टएसडी' नावाने वेगळं. मार्च २०१२ पासून गुगलने मोठ्या गेमसाठी ओबीबी फाईल आणली होती. मूळ एपीके ५० एमबीपर्यंत, बाकी सगळा पसारा ओबीबीत, आणि ती फाईल ठरावीक फोल्डरमध्येच हवी. आम्ही ती खऱ्या कार्डावर ठेवायचो, गेम खोट्या कार्डावर शोधायचा, आणि काळा पडदा दाखवून बंद व्हायचा. हे कळायला मला तीन आठवडे लागले. शाळेत कोणी हे शिकवत नव्हतं आणि 'अँड्रॉइड, ओबीबी, मग गेमचं नाव' हा रस्ता मी अजून झोपेत सांगू शकतो.

मार्चमध्ये लोभ नडला. एकाने सांगितलं, सॉफ्टवेअर मारलं की ॲपची जागा वाढते. मारलं. म्हणजे दुसऱ्या कुठल्यातरी हुबेहूब दिसणाऱ्या टॅबलेटचं सॉफ्टवेअर माझ्यात घातलं. जागा खरोखर वाढली! पण टच उलटा झाला. डावीकडे बोट ठेवलं की उजवीकडचं दाबलं जायचं.

त्या रात्री जेवण गेलं नाही. ४,२०० म्हणजे किती, हे मला चांगलं माहीत होतं. पप्पा त्या महिन्यात अर्ध्या पगारावर होते. दुकानवाल्याने हात वर केले. मग मी घरातला जुना यूएसबी माऊस टॅबलेटला जोडला, कारण माऊसचा बाण सरळ चालत होता, आणि घरी सांगितलं की माऊसने अभ्यास बरा होतो. पप्पा यायचे, "काय करायलास रे?" विचारायचे, आणि मी माऊस हलवत विज्ञानाची पीडीएफ वर खाली करायचो. असे अडीच महिने.

मे महिन्यात, सुट्टीत, नेट कॅफेत तासाचे पंधरा रुपये मोजून उत्तर सापडलं. ए१३ च्या टॅबलेटमध्ये 'स्क्रिप्ट.बिन' नावाची एक छोटी फाईल असते. कोणता स्क्रीन लावलाय, कोणता टच लावलाय, सगळी कुंडली त्यात. खोकी सारखी दिसली तरी कारखान्यात ज्या आठवड्यात जो स्वस्त टच मिळाला तो बसवलेला, म्हणून प्रत्येकाची कुंडली वेगळी. ती फाईल बाहेर काढायची, मजकुरात बदलायची, टच उलटवणाऱ्या ओळीत शून्याचा एक करायचा, परत आत घालायची. एक आकडा! हात थरथरत होते. चालू केला, डावीकडे बोट ठेवलं, डावीकडचं उघडलं.

पुढे आकाशचं फार काही झालं नाही. आकाश २ चे सुटे भाग चिनी आहेत की अख्खा मालच, यावरून २०१२ अखेर गदारोळ झाला. एक लाख टॅबलेट घेतले गेले आणि मार्च २०१५ मध्ये प्रकल्प बंद झाला. तोवर स्वस्त फोनच पाच इंची झाले होते. फसलेली योजना म्हणून त्यावर पुष्कळ लिहून आलंय, त्यात तथ्यही आहे. फक्त त्या हिशोबात ते वीस रुपयांचं कार्ड कुठेच धरलेलं नसतं, एवढीच माझी तक्रार.

तर ते कार्ड. रीडरमध्ये घातलं आणि चक्क उघडलं. 'अभ्यास' नावाचा फोल्डर, त्यात 'गणित २', आणि त्यात अकरा गेम (लपवायची जागा चांगली होती ना?). अँग्री बर्ड्सची एपीके फोनवर घेतली, बोट ठेवलं. नकार! अँड्रॉइड १४ पासून फार जुन्या आवृत्तीसाठी बनवलेली ॲप सिस्टीम बसवूनच घेत नाही. आता टॅब मोठा आणि गेम लहान. पप्पा शेजारी बसून बघत होते.

"काय झालं, पारस एरर का?"

लॅपटॉप जोडून, अडवणूक टाळायची कमांड देऊन शेवटी बसवला. गिलोर आली, पक्षी आला. फोन पप्पांच्या हातात दिला. त्यांनी चष्मा वर केला, बोटाने गिलोर मागे ओढली, पक्षी सोडला आणि स्क्रीनवरून नजर न काढता म्हणाले,

"हा उलटा नाही चालत ना आता? माऊस लागल का?"