व्यसनमुक्तांचे व्यावसायिक पुनर्वसन

दारू किंवा अमली पदार्थांच्या व्यसनातून बाहेर पडणाऱ्या व्यक्तीला उत्पन्न देणारे काम मिळावे व ते टिकावे, यासाठी केलेल्या पद्धतशीर साहाय्यास व्यसनमुक्तांचे व्यावसायिक पुनर्वसन असे म्हणतात. कौशल्यांचे मूल्यमापन, प्रशिक्षण, नोकरीचा शोध, मालकाशी बोलणी आणि कामावर रुजू झाल्यानंतरचा पाठपुरावा यांचा त्यात समावेश होतो. व्यसनमुक्ती केंद्रातील निवासी उपचार काही आठवड्यांत वा महिन्यांत संपतात. रिकामा दिवस, थकलेले कर्ज आणि नोकरीच्या इतिहासातील मोकळी वर्षे मात्र रुग्णाची घरी वाट पाहत असतात.

स्वरूप

पुनर्वसनाची सुरुवात सहसा व्यक्तीच्या पूर्वीच्या कामाच्या चौकशीने होते. जुने काम पुन्हा स्वीकारावे की टाळावे, हा पहिला प्रश्न असतो. मद्यालयातील वाढपी, रात्रपाळीचा कामगार किंवा लांब पल्ल्याचा ट्रकचालक यांच्या बाबतीत कामाची जागा, वेळ आणि सोबत यांच्याशीच व्यसन जोडलेले असू शकते. वाहन वा यंत्र चालवणाऱ्यांच्या बाबतीत इतरांच्या सुरक्षिततेचाही विचार करावा लागतो.

पगाराचा दिवस हा पुन्हा व्यसनाकडे वळण्याच्या दृष्टीने जोखमीचा मानला जातो. हातात एकरकमी रोख येणे ही अनेकांच्या बाबतीत नशेची जुनी खूण असते. त्यामुळे पगार थेट बँकेत जमा करणे किंवा सुरुवातीचे काही महिने घरच्यांच्या मदतीने हिशेब ठेवणे, असे उपाय सुचवले जातात. रोजंदारीवर काम करणाऱ्यांना ते पाळणे कठीण जाते, कारण त्यांचा प्रत्येक दिवस पगाराचाच असतो. पूर्वेतिहास मालकाला सांगावा की नाही, हाही नाजूक प्रश्न आहे. सांगितल्यास उपचारासाठी सवलत मागता येते, पण नोकरी नाकारली जाण्याची शक्यता वाढते.

आधी संयम की आधी काम

जुन्या विचारानुसार रुग्णाने प्रथम दीर्घकाळ निर्व्यसनी राहून दाखवावे व नंतर काम शोधावे. १९९० च्या दशकात अमेरिकेतील न्यू हॅम्पशायर राज्यात रॉबर्ट ड्रेक व डेबोरा बेकर यांनी गंभीर मानसिक आजार असलेल्यांसाठी याच्या उलट पद्धत विकसित केली. तिच्यात प्रदीर्घ पूर्वप्रशिक्षण न देता इच्छुक व्यक्तीला खुल्या बाजारातील नोकरी शोधून दिली जाते आणि उपचार व कामावरील आधार एकाच वेळी चालू राहतात. पुढे इंग्लंडमध्ये दारू व अमली पदार्थांवरील उपचारसेवांमध्येही ही पद्धत आणण्यात आली.

केवळ काम दिल्याने नशा सुटते, हा समज मात्र अमेरिकेतील एका मोठ्या प्रयोगाने डळमळीत केला. १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात झालेल्या या राष्ट्रीय प्रयोगात माजी व्यसनींना देखरेखीखाली तात्पुरते सशुल्क काम देण्यात आले. सहभागी झालेल्यांमधील गुन्ह्यांचे प्रमाण कमी झाले. अमली पदार्थांच्या सेवनात मात्र लक्षणीय फरक आढळला नाही. बाल्टिमोर येथे केनेथ सिल्व्हरमन यांनी वेगळी रचना केली. त्यात व्यसनाधीन गरोदर व नुकत्याच प्रसूत झालेल्या स्त्रियांना संगणकावर माहिती भरण्याचे प्रशिक्षण दिले जाई, पण त्या दिवशीच्या कामावर प्रवेश व मोबदला लघवीच्या तपासणीत अमली पदार्थ न आढळल्यासच मिळे. या स्त्रियांमध्ये संयमाचे प्रमाण तुलनागटापेक्षा बरेच जास्त राहिले. ही अट काढून घेतल्यावर तो परिणाम टिकवणे हे या पद्धतीपुढील मुख्य आव्हान आहे.

निवासी समुदाय

सॅन फ्रान्सिस्को येथील डिलॅन्सी स्ट्रीट (१९७१) आणि इटलीतील रिमिनीजवळील सॅन पॅट्रिन्यानो (१९७८) या संस्थांमध्ये निवासी दीर्घकाळ एकत्र राहून उपाहारगृह, सामानवाहतूक, सुतारकाम, द्राक्षमद्यनिर्मिती यांसारखे व्यवसाय चालवतात. व्यसनमुक्तांनी मद्य बनवणे काहींना विसंगत वाटते. अधिक गंभीर आक्षेप विनावेतन श्रमांवर आहे. ‘काम हाच उपचार’ असे सांगून बाहेरच्या कंपन्यांसाठी मोफत मजुरी करवून घेणाऱ्या काही अमेरिकी संस्थांविरुद्ध किमान वेतनासाठी न्यायालयीन दावे झाले आहेत.

कायदेशीर स्थिती

मेथाडोन घेणाऱ्यांना नोकरी नाकारण्याचा न्यूयॉर्कच्या परिवहन प्राधिकरणाचा नियम अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९७९ मध्ये वैध ठरवला. १९९० च्या अपंगत्वविषयक कायद्याने उपचारानंतर नशा सोडलेल्यांना भेदभावापासून संरक्षण दिले. बेकायदा अमली पदार्थांचे सेवन चालू असलेल्यांना ते लागू नाही.

भारतात अमली पदार्थविरोधी कायद्याचे (१९८५) कलम ७१ व्यसनींचे उपचार, पुनर्वसन आणि समाजात पुनःस्थापना यांसाठी केंद्रे स्थापन करण्याचा अधिकार सरकारला देते. मानसिक आरोग्यसेवा कायद्याच्या (२०१७) मानसिक आजाराच्या व्याख्येत दारू व अमली पदार्थांच्या गैरवापराशी संबंधित मानसिक अवस्था येतात. दिव्यांग हक्क कायद्याच्या (२०१६) २१ प्रकारांच्या यादीत मात्र व्यसनाधीनतेचा स्वतंत्र उल्लेख नाही. त्यामुळे केवळ व्यसनमुक्त असल्याच्या आधारे त्या कायद्यातील नोकरीविषयक आरक्षण मिळत नाही.

महाराष्ट्रात

पुण्यातील मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र डॉ. अनिता व अनिल अवचट यांनी १९८६ मध्ये सुरू केले. गर्दच्या व्यसनावरील अवचटांचे लेखन वाचून पु. ल. व सुनीता देशपांडे यांनी त्यासाठी आर्थिक मदत केली होती. तेथे बरे झालेले अनेक रुग्ण पुढे त्याच केंद्रात कार्यकर्ते व समुपदेशक झाले. व्यसनमुक्तांसाठी खुला झालेला हा बहुधा सर्वांत स्वाभाविक व्यवसाय आहे, कारण इतरत्र लपवावा लागणारा भूतकाळ येथे पात्रता ठरतो. अशा जागा मोजक्याच असतात. शिवाय सतत व्यसनाच्याच वातावरणात राहावे लागत असल्याने या कामातही पाठपुराव्याची गरज संपत नाही.