कुलीन कोण? बावला खून खटला आणि एक मूकपट



१२ जानेवारी १९२५. मुंबईच्या मलबार हिलवर अब्दुल कादर बावला या धनिक व्यापाऱ्याची मोटार अडवून त्याला गोळ्या घालण्यात आल्या. सोबतच्या मुमताज बेगमच्या चेहऱ्यावर वार झाले. गोल्फ खेळून परतणारे इंग्रज लष्करी अधिकारी मध्ये पडले म्हणून ती वाचली. मुमताज इंदूरच्या तुकोजीराव होळकरांच्या दरबारातली नर्तकी. ती तिथून निसटली, एवढाच तिचा ‘गुन्हा’!

हायकोर्टात खटला चालला. तिघांना फाशीची शिक्षा झाली. महाराजांपुढे दोन पर्याय होते : चौकशी आयोग किंवा गादीचा त्याग. फेब्रुवारी १९२६ मध्ये त्यांनी गादी सोडली. पिंजऱ्यात चाकर उभे राहिले, मालक नाही.

त्याच १९२५ साली कोहिनूर फिल्म कंपनीने होमी मास्टरच्या दिग्दर्शनात या प्रकरणावर मूकपट काढला. संस्थानिकांविरुद्ध छापणाऱ्यांना धाक घालणारा १९२२चा कायदा तेव्हा लागू होता, हे पाहता ते धाडसच. पण सिनेमाचं नाव काय? ‘कुलीन कांता’! जखमा नर्तकीच्या, आणि शीर्षकात मान कुळाचा. आपल्या समाजात करुणासुद्धा कुळ विचारूनच येते.

बाबासाहेबांचा मार्ग वेगळा होता. १६ जून १९३६ रोजी परळच्या दामोदर हॉलमध्ये ते देवदासी, मुरळ्या, जोगतिणींशी थेट बोलले. अपमानाचं जिणं सोडा, असं त्यांनी ठणकावून सांगितलं. सिनेमा अशा स्त्रीकडे बघत होता. बाबासाहेब तिच्याशी माणूस म्हणून बोलत होते.

देवळाली प्रवऱ्यात बसून हे का लिहितोय? ज्या होळकर घराण्यातल्या अहिल्याबाईंचं नाव आज आपल्या जिल्ह्याला आहे, त्यांचं चोंडी जामखेड तालुक्यात. त्याच तालुक्यातल्या खर्ड्यात २०१४ साली एका दलित शाळकरी पोराचा खून झाला. २०१७ मध्ये आरोपी निर्दोष सुटले. राजा गुंतलेल्या खुनावर वर्षाच्या आत सिनेमा निघतो. आपल्या पोरांच्या खुनाला वर्तमानपत्रात चार दिवस जागा मिळते.

तेव्हा बाहेरचा कुणी येऊन आपली कथा सांगेल, याची वाट पाहू नका. १९२५ साली कॅमेरा कंपनीकडे होता, आज तो तुमच्या खिशात आहे. एफआयआरची प्रत जपा, प्रत्येक तारखेला कोर्टात हजर राहा, साक्षीदाराला एकटं पडू देऊ नका, आणि हे सगळं लिहून ठेवा. मूकपटाचा जमाना संपला. आपण मुके राहायचं कारण नाही.