एफ. गॅरी ग्रे : गाण्यांच्या व्हिडिओपासून शंभर कोटी डॉलरच्या सिनेमापर्यंत

एफ. गॅरी ग्रे हे नाव आपल्याकडे फारसे कुणाच्या तोंडी नसते. त्यांचे सिनेमे मात्र आपल्या वस्त्यांमधल्या अनेक तरुणांनी पाहिलेले आहेत. ‘द इटालियन जॉब’ पाहिला असेल, ‘फास्ट अँड फ्युरियस’ मालिकेचा आठवा भाग तर नक्कीच पाहिला असेल. गाड्या लक्षात राहतात, दिग्दर्शकाचे नाव कोण वाचतो? हा दिग्दर्शक कृष्णवर्णीय आहे, लॉस एंजेलिसच्या दक्षिणेकडच्या वस्तीत वाढला आहे आणि सिनेमात आला तो गाण्यांच्या व्हिडिओमधून. आज आपली मुले मोबाइलवर भीमगीतांचे, रॅपचे व्हिडिओ शूट करून यूट्यूबवर टाकत आहेत. त्यांच्या उपयोगी पडावी म्हणून ही ओळख आम्ही थोडी सविस्तर देत आहोत.

ग्रे यांचा जन्म 1969 चा, न्यूयॉर्कचा. बालपण गेले दक्षिण लॉस एंजेलिसमध्ये. 1980 च्या दशकातली ही वस्ती समजून घेतल्याशिवाय त्यांचे काम समजत नाही. कारखाने बंद पडलेले, रोजगार गेलेला, स्वस्त कोकेन गल्लीगल्लीत पोहोचलेले आणि त्याच्या नावाखाली पोलिसांची रोजची धरपकड. मार्च 1991 मध्ये रॉडनी किंग या कृष्णवर्णीय माणसाला पोलिसांनी रस्त्यावर बेदम मारले. ते एका रहिवाशाने आपल्या कॅमेऱ्यात टिपले. सगळ्या जगाने ती मारहाण पाहिली, तरीही एप्रिल 1992 मध्ये त्या पोलिसांना ज्युरीने दोषी धरले नाही आणि शहर पेटले. साठहून अधिक माणसे मेली. खैरलांजी आणि त्यानंतरचे दिवस ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना हा क्रम वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

त्या काळात ग्रे विशीत होते आणि टीव्हीसाठी कॅमेरामन म्हणून काम करत होते. रॅप गायक तेव्हा आपल्या वस्तीतल्याच मुलांना हाताशी धरून व्हिडिओ बनवत. मोठ्या स्टुडिओचे दार ग्रे यांच्यासारख्या मुलाला सहज उघडणारे नव्हते, हे दार उघडे होते.

1993 मध्ये त्यांनी आइस क्यूबच्या ‘इट वॉज अ गुड डे’ या गाण्याचा व्हिडिओ केला. गाणे एका चांगल्या दिवसाचे आहे. सकाळी न्याहारी, मित्रांबरोबर बास्केटबॉल, डोमिनो, गाडीतून फेरफटका, आणि दिवसभर पोलिसांनी अडवलेही नाही. ग्रे यांनी या गाण्याला दिलेला शेवट पाहण्यासारखा आहे. माणूस दिवस संपवून घरी येतो, तेव्हा हत्यारबंद पोलिसांनी त्याचे घर वेढलेले असते. चांगल्या दिवसाचा अर्थ त्या वस्तीत काय असतो, हे एकही जादा शब्द न वापरता कळते. व्हिडिओ म्हणजे गाण्याच्या ओळींना चित्रे चिकटवणे, असे ज्यांना वाटते त्यांनी हे पाच मिनिटांचे काम दोनदा तरी पाहावे.

1995 मध्ये टीएलसी या तीन कृष्णवर्णीय गायिकांच्या गटासाठी त्यांनी ‘वॉटरफॉल्स’ केला. त्यात दोन गोष्टी आहेत. एका आईचा मुलगा अमली पदार्थांच्या धंद्यात जाऊन जिवाला मुकतो. दुसऱ्या गोष्टीत एक तरुण आरशात स्वतःला दिवसेंदिवस खंगताना पाहतो. एड्सचा उघड उच्चार करायला समाज कचरत होता, त्या काळात हा व्हिडिओ घराघरातल्या टीव्हीवर दिवसरात्र चालला. पाण्यातून आकार घेणाऱ्या गायिकांची संगणकावर घडवलेली दृश्ये तेव्हा नवलाची होती, आज ती जरा जुनाट दिसतात. आई मुलाला हाक मारते आणि तो तिच्या आरपार निघून जातो, ते दृश्य मात्र अजून तितकेच अंगावर येते. त्या वर्षीच्या एमटीव्ही पुरस्कारांमध्ये वर्षातील सर्वोत्कृष्ट व्हिडिओसह चार पुरस्कार त्याला मिळाले. पुढे 2000 च्या सुमारास आउटकास्टच्या ‘मिस जॅक्सन’चा व्हिडिओही ग्रे यांचाच.

सिनेमाची पहिली संधी दिली ती आइस क्यूबने. त्याने डीजे पूह या सहकाऱ्याबरोबर ‘फ्रायडे’ची पटकथा लिहिली होती. एक गल्ली, एक ओटा, दोन बेकार मित्र आणि एक शुक्रवार, एवढीच गोष्ट. कृष्णवर्णीय वस्तीवरचे सिनेमे तोवर गोळीबार आणि अंत्यसंस्कार यांतच अडकले होते. ‘बॉइज एन द हूड’सारखा उत्तम सिनेमा त्यातच येतो. त्या वस्तीत माणसे हसतातही, शेजाऱ्याशी भांडतात, बापाची बोलणी खातात, हे ‘फ्रायडे’ने दाखवले. सुमारे 35 लाख डॉलर आणि जेमतेम वीस दिवसांचे चित्रीकरण, तेही दक्षिण लॉस एंजेलिसच्या खऱ्या गल्लीत. 1995 मध्ये तो प्रदर्शित झाला तेव्हा दिग्दर्शक 25 वर्षांचा होता. सिनेमाने अमेरिकेतच खर्चाच्या कितीतरी पट, अडीच कोटी डॉलरहून अधिक कमाई केली.

आमच्या मते त्यांचा सर्वांत महत्त्वाचा सिनेमा पुढच्या वर्षीचा, ‘सेट इट ऑफ’. चार कृष्णवर्णीय मैत्रिणी बँक लुटतात. वरवर हा दरोड्याचा सिनेमा आहे, पण त्या दरोड्यापर्यंत कशा पोहोचतात ते नीट पाहा. एकीला बँकेतून कामावरून काढले जाते, कारण दरोडेखोर तिच्या ओळखीचा निघतो. दुसरीचा भाऊ पोलिसांच्या गोळीने मरतो, चूक झाली म्हणून. तिसरी मूल सांभाळायला कुणी नाही म्हणून त्याला कामावर घेऊन जाते, तिथे मुलाला इजा होते आणि सरकारी यंत्रणा मूल काढून घेते. चौघी रात्री कचेऱ्या झाडण्याचे काम करतात. कामगार, पोलीस, बालकल्याण, बँक या सगळ्या संस्था गरीब बाईला एकाच वेळी कशा भिडतात, हे समाजशास्त्राच्या वर्गात शिकवायला आम्हाला बरेच तास लागले असते. क्वीन लतिफाचे काम आणि तिच्या भूमिकेतली समलिंगी व्यक्तिरेखा 1996 च्या मानाने धीट होती.

त्यानंतर ग्रे मोठ्या स्टुडिओंचे दिग्दर्शक झाले. ‘द नेगोशिएटर’ (1998) चांगला जमला, ‘द इटालियन जॉब’ (2003) भरपूर चालला, ‘बी कूल’ (2005) फसला. या दशकावर आम्ही फार थांबत नाही. या सिनेमांतून त्यांनी एवढे सिद्ध केले की कृष्णवर्णीय दिग्दर्शकाला फक्त कृष्णवर्णीयांचेच सिनेमे द्यावेत असे काही नाही. आपल्याकडेही दलित लेखक-दिग्दर्शकाकडून फक्त अत्याचाराची कहाणी मागितली जाते, म्हणून हा मुद्दा नोंदवून ठेवतो.

2015 मध्ये ते पुन्हा आपल्या वस्तीकडे वळले. ‘स्ट्रेट आउटा कॉम्प्टन’ हा एनडब्ल्यूए या रॅप गटावरचा सिनेमा. या गटाच्या पोलिसांविरुद्धच्या गाण्यावरून 1989 मध्ये एफबीआयच्या अधिकाऱ्याने त्यांच्या कंपनीला पत्र धाडले होते. सिनेमाने जगभर 20 कोटी डॉलर ओलांडले. ऑस्करला नामांकन मिळाले ते फक्त पटकथेला, आणि नामांकित चारही लेखक गोरे होते. ‘ऑस्कर गोऱ्यांचेच’ या मोहिमेला त्या वर्षी जोर आला त्यात या गोष्टीचाही वाटा होता.

इथे कौतुक थांबवावे लागते. या सिनेमाच्या निर्मात्यांमध्ये आइस क्यूब आणि डॉ. ड्रे स्वतः होते, म्हणजे ज्यांची गोष्ट त्यांच्याच हातात कात्री. डॉ. ड्रेने 1991 मध्ये डी बार्न्स या टीव्ही पत्रकार महिलेला मारहाण केली होती, तो प्रसंग सिनेमात नाही. सिनेमा आल्यावर बार्न्स यांनी लेख लिहून हे सांगितले, आणि त्या काळात त्यांच्या कार्यक्रमाचे कॅमेरामन ग्रे होते याचीही आठवण दिली. त्यानंतर डॉ. ड्रेने आपल्याकडून दुखावल्या गेलेल्या स्त्रियांची जाहीर माफी मागितली. चित्रीकरणाआधी आणखी एक प्रकार घडला. जमावातल्या मुली निवडण्यासाठी निघालेल्या जाहिरातीत त्यांची ए ते डी अशी प्रतवारी होती. उजळ कांतीच्या वर, आणि गडद रंगाच्या, गरीब दिसणाऱ्या तळाला. एजन्सीने माफी मागितली. वर्णद्वेषाविरुद्धच्या सिनेमाच्या मांडवातच ही उतरंड उभी राहिली होती. आपल्या चळवळीतल्या स्त्रियांनी असे प्रश्न विचारले की “आधी मोठी लढाई, हे नंतर बघू” असे उत्तर मिळते. ते ज्यांनी ऐकले आहे त्यांना बार्न्स यांचा लेख परका वाटणार नाही.

2017 मध्ये ‘द फेट ऑफ द फ्युरियस’ने जगभरात 120 कोटी डॉलरहून अधिक गल्ला जमवला. कृष्णवर्णीय अमेरिकी दिग्दर्शकाच्या सिनेमाने शंभर कोटींचा टप्पा ओलांडण्याची ती पहिली वेळ. पुढच्याच वर्षी रायन कूगलरच्या ‘ब्लॅक पँथर’ने तो मागे टाकला. 2019 चा ‘मेन इन ब्लॅक’ मालिकेतला सिनेमा समीक्षकांना रुचला नाही. 2024 चा ‘लिफ्ट’ नेटफ्लिक्सवर आला, तो वेळ घालवायला ठीक.

मंडळात किंवा वसतिगृहात कुणाला काही दाखवायचे असेल, तर आम्ही हा क्रम सुचवू : आधी दोन्ही व्हिडिओ, ते यूट्यूबवर आहेत. मग ‘सेट इट ऑफ’, त्यावर चर्चेला तासभर राखून ठेवावा. ‘स्ट्रेट आउटा कॉम्प्टन’ नंतर, आणि तो दाखवणार असाल तर त्याच बैठकीत बार्न्स यांच्या लेखाचा मजकूर मराठीत सांगावा. ‘सेट इट ऑफ’मध्ये हिंसा आणि शिवीगाळ आहे, शाळकरी मुलांना बसवू नये.