सॅन फ्रान्सिस्को डॉन्स (१९५१ चा हंगाम)

कॅलिफोर्नियातील सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा १९५१ मधील हंगाम. नऊ सामने, नऊ विजय, आणि तरीही हंगामानंतरच्या एकाही मानाच्या सामन्यात स्थान नाही. संघात ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर हे दोन कृष्णवर्णीय खेळाडू होते. त्यांना घरी ठेवून उरलेल्यांनी खेळायला यावे, ही अट संघाने एकमुखाने नाकारली. हंगाम संपला आणि विद्यापीठाने फुटबॉलच बंद केला.

१८५५ मध्ये जेझुइट धर्मगुरूंनी स्थापन केलेली ही संस्था आकाराने लहान. मोठ्या सरकारी विद्यापीठांसारखा पैसा तिच्याकडे नव्हता. १९४८ पासून प्रशिक्षक असलेल्या जो कुहारिक यांनी कडक सराव आणि शिस्त यांच्या जोरावर संघ उभा केला. संघातला जिनो मार्चेटी दुसऱ्या महायुद्धात युरोपच्या आघाडीवर लढून आलेला होता. मॅटसन आणि टोलर आधी सॅन फ्रान्सिस्कोच्या सिटी कॉलेजात एकत्र खेळले होते. सव्वासहा फुटांहून कितीतरी उंच असलेला बॉब सेंट क्लेअर, क्वार्टरबॅक एड ब्राउन आणि संघाच्या बातम्या वर्तमानपत्रांपर्यंत पोहोचवणारा तरुण प्रसिद्धी अधिकारी पीट रोझेल, अशी सगळी मंडळी एका छोट्या विद्यापीठात एकाच वेळी जमली होती.

हंगामाचा नायक निःसंशय मॅटसन. चेंडू घेऊन धावत त्याने १,५६६ यार्ड कापले आणि २१ टचडाउन केले. त्या वर्षी देशात दोन्ही बाबतींत तोच पहिला. बचावातही तो तितकाच तगडा होता. न्यूयॉर्कमधील फोर्डमविरुद्धचा सामना डॉन्सनी ३२–२६ असा निसटता जिंकला, तोही त्याच्याचमुळे: प्रतिपक्षाने किकऑफला मारलेला चेंडू झेलून त्याने दोनदा थेट दुसऱ्या टोकापर्यंत धाव घेतली. पूर्व किनाऱ्यावरच्या वार्ताहरांनी हा संघ डोळ्यांनी पाहिला तो या दौऱ्यात. तरीही सर्वोत्तम खेळाडूच्या हाइसमन पुरस्काराच्या मतदानात मॅटसन नववाच राहिला.

नोव्हेंबरात स्टॉकटन येथे पॅसिफिक कॉलेजचा ४७–१४ असा धुव्वा उडाला, शेवटच्या सामन्यात लोयोला २०–२ ने हरले. आता सगळ्यांचे लक्ष ‘बाउल’कडे लागले. नववर्षाच्या सुमारास होणारे हे सामने आमंत्रणावर चालत. स्थानिक आयोजन समिती ठरवील तोच संघ मैदानात उतरे, आणि त्यातून मिळणारी रक्कम छोट्या संस्थेला वर्षभर पुरावी अशी असे. ऑरेंज, शुगर आणि गेटर हे बाउल वंशभेदाचे कायदे लागू असलेल्या दक्षिणेत भरत. मॅटसन आणि टोलर यांच्याशिवाय येणार असाल तरच विचार होईल, असा निरोप संघापर्यंत पोहोचल्याचे खेळाडूंनी पुढे वारंवार सांगितले. त्यावर मतदान घेण्याची गरजही कुणाला वाटली नाही. पॅसिफिकला मात्र टेक्सासमधील सन बाउलचे बोलावणे आले. डॉन्सनी ३३ गुणांनी हरवलेला संघ जानेवारीत बाउल खेळला आणि हरवणारे घरी बसले.

वातावरण किती विषारी होते याची साक्ष त्याच हंगामातली आहे. ऑक्टोबरात ओक्लाहोमामध्ये ड्रेक विद्यापीठाच्या जॉनी ब्राइट या कृष्णवर्णीय खेळाडूचा जबडा प्रतिस्पर्ध्याने मैदानातच फोडला. त्या प्रसंगाच्या छायाचित्रांना पुलित्झर पारितोषिक मिळाले.

डॉन्सच्या नकाराचे मोल त्यामुळेच मोठे ठरते. तो देणाऱ्या बहुसंख्य गोऱ्या खेळाडूंना गप्प राहून आपापले नाव करून घेणे सहज शक्य होते, आणि संघाच्या डोक्यावर आर्थिक तूट लटकत होती. घरचे सामने होत त्या केझर स्टेडियममध्येच व्यावसायिक फोर्टीनायनर्स संघ खेळे. प्रेक्षक तिकडे ओढले गेले होते. बाउलचे पैसे मिळाले असते तर संघ तगला असता, असे अनेक खेळाडूंना वाटे. अंतिम राष्ट्रीय क्रमवारीत १४ वे स्थान मिळाले, आणि त्यापाठोपाठ संघ विसर्जित झाला. सेंट क्लेअरला उरलेले शिक्षण टल्सा विद्यापीठात घ्यावे लागले.

मार्चेटी, मॅटसन आणि सेंट क्लेअर हे तिघेही पुढे व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये गेले. एकाच कॉलेज संघातील तिघांना हा मान मिळणे फारच दुर्मीळ. मॅटसनने १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये ४०० मीटर शर्यतीत कांस्य आणि ४ × ४०० मीटर रिलेत रौप्यपदक मिळवले. रोझेल १९६० मध्ये एनएफएल या व्यावसायिक फुटबॉल लीगचा आयुक्त झाला.

टोलरची व्यावसायिक खेळाडू म्हणून कारकीर्द गुडघ्याच्या दुखापतीने सुरू होण्याआधीच संपली. तो शिक्षक झाला, सॅन फ्रान्सिस्कोतील शाळेचा मुख्याध्यापक झाला, आणि १९६५ मध्ये एनएफएलने त्याला पंच नेमले. अमेरिकेतील कोणत्याही प्रमुख व्यावसायिक क्रीडा लीगमधला तो पहिला कृष्णवर्णीय पंच. हे काम त्याने २५ हंगाम केले. १९८० च्या सुपर बाउलमध्ये, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्यातही, तो पंच होता.