सेंत्राल स्टेशनच्या अलीकडे, पलीकडे

गर्दीबरोबर फलाटावरून बाहेर पडा. साल १९४५, शहर रिओ द जानेरो, स्थानक सेंत्राल दो ब्राझील. डोक्यावर घड्याळाचा उंच मनोरा आहे, अजून नवाच. उपनगरांतली कष्टकरी माणसं रोज सकाळी इथे उतरतात आणि दिवेलागणीला इथूनच परत जातात. तुम्हाला लांब जायचं नाही. कांपो दि सांतानाच्या बागेला वळसा घातला की प्रासा दा रेपुब्लिकाच्या कडेला सरकारी रेडिओची इमारत लागते. शिक्षण खात्याचं हे केंद्र. इथे जाहिराती वाजत नाहीत. संगीत, साहित्य आणि धडे वाजतात.

दार हळूच लोटा. माइकसमोर पंधरा वर्षांची एक मुलगी आहे, आर्लेत पिन्येरू. वडील यंत्रांचे साचे घडवणारे कारागीर, आईकडचे आजी-आजोबा सार्डिनियाहून आलेले. निवेदकांच्या निवडीत तिचा आवाज पसंत पडला आणि ती इथे आली. पुढची दहाएक वर्षं ही इमारतच तिचं कॉलेज असणार आहे. निवेदन करील, श्रुतिकांत काम करील, कादंबऱ्यांची रेडिओरूपांतरं लिहील. शिवाय पोटापाण्यासाठी परदेशी लोकांना पोर्तुगीज शिकवील. म्हणजे दिवसभर समोरच्याचे चुकलेले उच्चार कान देऊन ऐकायचे आणि संध्याकाळी आपले तासायचे! नटीला याहून चांगली तालीम कुठल्या नाट्यशाळेत मिळाली असती, मला शंका आहे.

नावही ती इथल्याच दिवसांत बदलते. ‘फर्नांडा’ घेते, कारण त्याला एकोणिसाव्या शतकातल्या कादंबऱ्यांचा वास आहे. ‘माँतेनेग्रो’ घेते घरच्या ओळखीच्या एका होमिओपॅथ डॉक्टरांकडून. ते चमत्कार करून माणसं बरी करतात, अशी घरात ख्याती होती. एक अर्धं पुस्तकातून, एक अर्धं औषधाच्या पेटीतून. ब्राझील पुढे ऐंशी वर्षं या नावाने तिला हाक मारणार आहे.

१९५० साली ती व्यावसायिक रंगभूमीवर येते आणि पहिल्याच नाटकात फर्नांदो तोरेस भेटतो, पुढे नवरा, दिग्दर्शक आणि निर्माता झालेला. तिथे आपण थांबू नये. त्याऐवजी पन्नाशीच्या दशकाच्या उत्तरार्धातला एखादा सोमवार पकडा. सोमवार म्हणजे नाटकवाल्यांच्या सुटीचा दिवस, आणि म्हणूनच तूपी दूरचित्रवाणीच्या ‘ग्रांदी तेआत्रो’चा दिवस. समुद्रकाठच्या उर्का भागात जुन्या जुगारघराची इमारत आहे. १९४६ साली देशात जुगारावर बंदी आली आणि ती रिकामी पडली. आता तिथे कॅमेरे आहेत. सगळं थेट प्रक्षेपण. तुम्ही केबलवरून अडखळणार नाही याची काळजी घ्या, कारण तुमच्या धडपडण्याचा आवाज घरोघरी पोचेल. नेपथ्य कोसळलं, संवाद विसरला, कपाट उघडेना, तरी नाटक पुढे जायलाच हवं. दर आठवड्याला नवं नाटक बसवायचं, सोमवारी करायचं आणि मंगळवारी विसरायचं. अशी नाटकं शेकड्यांनी झाली. आज त्यांतलं जवळजवळ काहीच उरलेलं नाही, तेव्हा जे दिसेल ते डोळे भरून बघून घ्या.

१९५९. म्युनिसिपल थिएटरचा झगमगाट. फर्नांडा, फर्नांदो, सेर्जिओ ब्रितो, इतालो रोसी आणि इटलीहून आलेले जियानी रातो यांनी ‘तेआत्रो दोस सेती’ ही स्वतःची संस्था काढली आहे आणि आर्तूर आझेवेदोंच्या ‘ओ माम्बेंबी’ने तिचा पडदा उघडतो. फिरत्या नाटक मंडळीवरचं हे नाटक. दौरे, उधारी, गावोगावचे पुढारी, रुसलेली नायिका. किर्लोस्कर-बालगंधर्वांच्या काळातल्या बिऱ्हाडांच्या आठवणी वाचलेल्या मराठी माणसाला तिथे परकं वाटायचं कारण नाही. रंगमंच माणसांनी गजबजलेला आहे. बघा, हसा, आणि दोन वर्षं पुढे या.

जुलै १९६१. तिसरी घंटा इथेही असते, झाली. खुर्चीत बसा. नाटक नेल्सन रोद्रिगेसचं आहे. आम्हाला नाटक द्या, म्हणून फर्नांडाने त्यांच्यामागे फोनचा सपाटा लावला होता, त्याचं हे फळ. ‘डांबरावरचं चुंबन’. रस्त्यात एक माणूस गाडीखाली सापडतो. मरता मरता तो जवळ वाकलेल्या अनोळखी कारकुनाकडे एक चुंबन मागतो. कारकून देतो. एवढंच. पण तिथे एक वार्ताहर हजर असतो, तो पोलिस अधिकाऱ्याला हाताशी धरतो, आणि दुसऱ्या दिवसापासून त्या दयेचं प्रकरण होतं. फर्नांडा त्या कारकुनाची बायको आहे, सेल्मिन्या.

नाटकभर नवऱ्यावर नजर ठेवायची गरज नाही, तिच्यावर ठेवा. सुरुवातीला ती त्याच्या बाजूने ठाम उभी आहे. मग वर्तमानपत्र वाचलेला शेजार बोलतो, कचेरी बोलते, घरातले बोलतात, आणि प्रत्येक वाक्य तिच्यात कुठेतरी जाऊन बसतं. या भूमिकेची ताकद बोलण्यात कमी आणि ऐकण्यात जास्त आहे. संशय तिच्या तोंडून बाहेर पडायच्या आधीच तिच्या कानात शिरलेला असतो. रेडिओवरच्या मुलीला आता आपण ओळखायला लागलो आहोत.

१९६४ला लष्कराने सत्ता घेतली, हे ध्यानात ठेवून १९७३मध्ये उतरा. आणि आवाज खाली ठेवा.

शिको बुआर्क आणि रुई गेरा यांनी ‘कालाबार’ हे संगीतनाटक लिहिलं आहे. निर्माते फर्नांदो आणि फर्नांडा. ती यात रंगमंचावर नाही, पैसे मात्र दोघांचे आहेत. कालाबार हा सतराव्या शतकातला माणूस. पोर्तुगिजांची साथ सोडून तो डचांना मिळाला आणि शाळेच्या पुस्तकांत कायमचा देशद्रोही ठरला. नाटक विचारतं, द्रोह म्हणजे नेमकं काय? आणि कुणाशी? लष्करी राजवटीत असा प्रश्न तिकीट लावून विचारायचा म्हणजे धाडसच. संहितेला आधी परवानगी मिळालेली आहे. कपडे शिवून झालेत, गाणी बसली आहेत, मोठा ताफा पगारावर आहे. राहिला आहे तो फक्त सेन्सॉरच्या माणसांसमोरचा प्रयोग. त्यासाठी ते येतच नाहीत. आज नाही, उद्या नाही. संहिता पुन्हा तपासायला मागवली आहे, एवढंच कळतं.

तालमीच्या हॉलमध्ये थोडा वेळ बसून राहा. हातात दंडुका नाही, गोळी नाही, नुसता उशीर आहे. रोजचा खर्च चालू आणि तारीख मिळत नाही. शेवटी बंदी येते, आणि तीही तिहेरी. नाटकावर बंदी, ‘कालाबार’ हे नाव छापण्या-उच्चारण्यावर बंदी, आणि बंदी आल्याची बातमी देण्यावरही बंदी. गाण्यांची तबकडी निघते ती कोऱ्या पांढऱ्या वेष्टनात. संगीताच्या दुकानात जाऊन ती हातात घ्या. तिच्यावर काही लिहिलेलं नाही, आणि लोकांना नेमकं तेच वाचता येतं. फर्नांदो-फर्नांडा मात्र आर्थिक खड्ड्यात गेलेले असतात. हुकूमशाहीच्या गोष्टींत तुरुंग आणि परागंदा होणं सांगितलं जातं, आणि ते योग्यच आहे. निर्मात्याची कर्जाची वही सहसा कुणी दाखवत नाही. म्हणून तुम्हाला इथे जरा जास्त वेळ थांबवलं.

१९८१. आता चित्रपटगृहात. लिओन हिर्शमनचा ‘एलेस नाओ उझाम ब्लॅक-टाय’. साओ पावलोतला संप, संपात उतरलेला बाप आणि संप फोडणारा मुलगा. हे मूळ नाटक जियानफ्रांचेस्को ग्वार्निएरीने लिहिलं, १९५८ साली त्यानेच रंगमंचावर मुलाचं काम केलं, आणि आता पडद्यावर तोच बाप आहे. फर्नांडा त्याची बायको, रोमाना. शेवटाकडे त्यांचा साथी मारला जातो. त्यानंतर दोघं जेवणाच्या टेबलाशी बसून घेवड्याचे दाणे निवडतात. आपल्याकडे तांदूळ निवडावेत तसे: चांगले एकीकडे, खडे आणि किडके दुसरीकडे. संवाद नाहीत. दाण्यांचा भांड्यात पडण्याचा आवाज आणि दोन थकलेले चेहरे. व्हेनिसला या चित्रपटाला परीक्षक मंडळाचा विशेष पुरस्कार मिळाला. मला विचाराल तर त्यातले निदान अर्धे गुण या प्रसंगाचे.

तिथून बाहेर येऊन फार गंभीर चेहरा ठेवू नका, कारण १९८३ची टीव्ही मालिका ‘गेरा दोस सेक्सोस’ लागली आहे. तिच्यात हीच बाई पाउलो आउत्रानसारख्या भारदस्त नटाच्या तोंडावर नाश्त्याच्या टेबलावरचं हाताला येईल ते फेकते आहे, आणि तोही परतफेड करतो आहे. अख्खा देश हसतो. १९८५मध्ये लष्कर गेल्यावर राष्ट्राध्यक्ष सार्नी तिला संस्कृती खात्याचं मंत्रिपद देऊ करतात. ती नाही म्हणते.

आणि आता पुन्हा सेंत्राल दो ब्राझील. तोच मनोरा, तेच फलाट, गर्दी कितीतरी पट. वॉल्टर सालेसच्या १९९८च्या चित्रपटाचं चित्रीकरण चालू आहे. फर्नांडा म्हणजे दोरा: निवृत्त शिक्षिका, लिहिता न येणाऱ्यांची पत्रं पैसे घेऊन लिहून देणारी, आणि त्यांतली बरीचशी न टाकणारी. बाई लबाड आहे, हे विसरू नका. तिच्यासोबत असणारा पोरगा, व्हिनिसियस दि ओलिवेरा, विमानतळावर बूटपॉलिश करता करता दिग्दर्शकाच्या नजरेत भरलेला.

टेबलापासून चार हात लांब उभे राहा. गंमत अशी की येणाऱ्या-जाणाऱ्या काहींना हे शूटिंग आहे हेच उमगत नाही. ते येतात, समोर बसतात आणि खरीखुरी पत्रं सांगू लागतात. कॅमेरा त्यांना टिपत राहतो. फर्नांडा लिहून घेते. आता तिला अभिनय वेगळा करावा लागत नाही, ऐकायचं तेवढं. बागेपलीकडच्या इमारतीतली मुलगी अदृश्य श्रोत्यांशी बोलत होती. आज त्यांची मुलंनातवंडं टेबलापलीकडे बसून तिच्याशी बोलत आहेत. मधलं अंतर पायी काही मिनिटांचं.

फेब्रुवारीत बर्लिनला चित्रपटाला सुवर्ण अस्वल, तिला रौप्य. मार्च १९९९मध्ये ऑस्करच्या सोहळ्यात ती बसली आहे. अभिनयासाठी नामांकन मिळवणारी पहिली ब्राझिलियन, वय ६९, भूमिका पोर्तुगीजमधली. पुरस्कार ग्वेनेथ पॅल्ट्रोला जातो. ब्राझीलने ही सल पंचवीस वर्षं जपली. मला ती जरा जास्तच वाटते.

२०२४मध्ये सालेस तिला पुन्हा बोलावतो. ‘आइन्दा एस्तोउ आकी’: जानेवारी १९७१मध्ये लष्कराने रुबेन्स पाइव्हा या माजी खासदाराला घरातून नेलं आणि तो परतला नाही, ही त्याच्या बायकोची, युनिसची गोष्ट. तरुण युनिस झाली आहे फर्नांडाची मुलगी फर्नांडा तोरेस, अल्झायमरने ग्रासलेली म्हातारी युनिस आई. आईच्या वाट्याला एकही वाक्य नाही. टीव्हीवर त्या काळच्या बेपत्ता माणसांची बातमी लागते, नवऱ्याचं छायाचित्र झळकतं आणि विझलेल्या डोळ्यांत काहीतरी हलतं. दाणे निवडणारी रोमाना आठवली तर नवल नाही.

मात्र तिचा आवाज गेला असं समजू नका. त्याच ऑगस्टमध्ये साओ पावलोच्या इबिरापुएरा उद्यानात हिरवळीवर बसायला जागा शोधा. सुमारे पंधरा हजार माणसं आली आहेत. ९४ वर्षांची बाई खुर्चीत बसून सिमोन द बोव्हारचं अभिवाचन करते आहे. नेपथ्य नाही, संगीत नाही, तत्त्वज्ञ बाईचा मजकूर आणि हा घासूनपुसून ठेवलेला आवाज. पुढे गिनीज बुकात याची नोंद झाली.

मार्च २०२५. मुलीचं ऑस्कर हुकलं, चित्रपटाला मात्र सर्वोत्कृष्ट आंतरराष्ट्रीय चित्रपटाचं मिळालं. त्याच महिन्यात आईचा ‘व्हितोरिया’ ब्राझीलच्या चित्रपटगृहांत लागतो. दिग्दर्शक ब्रेनो सिल्वेराचं चित्रीकरणाच्या सुरुवातीलाच निधन झालं, जावई आंद्रुशा वॉडिंग्टनने काम पुरं केलं. गोष्ट घडलेली आहे: रिओतल्या एका म्हातारीच्या खिडकीसमोर अमली पदार्थांचा धंदा चालतो, पोलिस तिचं ऐकून घेत नाहीत, मग ती स्वतःच व्हिडिओ कॅमेरा घेऊन खिडकीत बसते. तिकीट काढा. रांग लांब आहे.