मस्टरवरचं नाव

कायद्याची दोन जुनी पुस्तकं शेजारी शेजारी ठेवून वाचा. एक १८९० चं, दुसरं १९२३ चं. एकेकटी वाचली तर डोक्यात प्रकाश पडत नाही.

१८९० चा मुंबईचा म्युनिसिपल नोकर कायदा. झाडूवाला, मैला उचलणारा कामगार परवानगीवाचून, नोटीस न देता कामावरून गेला तर तीन महिन्यांपर्यंत कैद. काम सोडणं हाच गुन्हा. बाबासाहेबांनी या कायद्यावर नेमकं बोट ठेवलेलं आहे. म्हणजे जेलात घालायचं होतं तेव्हा सफाईवाला कोण, कुणाचा नोकर, हे सरकारला पक्कं ठाऊक होतं. शोधत बसावं लागत नव्हतं.

आता १९२३ चा कामगार नुकसानभरपाई कायदा. १ जुलै १९२४ पासून अंमलात आला. कामावर असताना, कामामुळे अपघात झाला तर मालकानं पैसे द्यायचे. मालकाची चूक दाखवायची गरज नाही. मेला तर वारसांना. हात, पाय, डोळा गेला तर कमावण्याची ताकद जेवढी गेली त्या हिशोबानं. कंत्राटदारानं माणूस लावला असला तरी ज्याचं मूळ काम, त्याच्याकडून भरपाई मागता येत होती. आणि म्युनिसिपालटी काय धंदा करते, असं कुणी विचारू नये म्हणून तिची कर्तव्यं हाच तिचा धंदा समजावा, असंही त्यातच लिहिलेलं होतं. कंत्राटदाराच्या आड लपायला वाट नव्हती.

मग पैसे का मिळाले नाहीत?

कारण कायदा मस्टर बघत होता, आणि मस्टरवर नावच नव्हतं. मुंबईत तर कचरा उचलणाऱ्यांना कामगार म्हणायचंच टाळलं. त्यांना 'स्वयंसेवक' म्हटलं, पगाराला मानधन म्हटलं. काय सोज्वळ शब्द! सकाळी सडक्या कचऱ्यात हात घालणारा स्वयंसेवक! कचरा वाहतूक श्रमिक संघानं वर्षानुवर्षं कोर्टात भांडण चालवलं, तेव्हा कुठं ७ एप्रिल २०१७ ला सुप्रीम कोर्टानं सुमारे २७०० जणांना कायम करण्याचा निकाल उचलून धरला.

गटारातली गोष्ट याहून काळी. तिथला हायड्रोजन सल्फाइड वायू आधी सडक्या अंड्यासारखा वास मारतो. जास्त झाला की नाकच मरतं, वास येईनासा होतो. माणसाला वाटतं, वायू गेला. तो उतरतो आणि कोसळतो. त्याला काढायला दुसरा उतरतो, तोही. वर उभा असलेला मुकादम म्हणतो, आम्ही उतर म्हटलंच नव्हतं. पोलिसांच्या कागदावर 'आकस्मिक मृत्यू'. कसला आकस्मिक? रोज ठरवून उतरवत होते की!

२७ मार्च २०१४ ला सुप्रीम कोर्टानं सांगितलं, १९९३ पासून गटारात मेलेल्या प्रत्येकाच्या घरच्यांना १० लाख द्या. आधीच्या वर्षी नवा कायदा झालाच होता. २० ऑक्टोबर २०२३ ला ती रक्कम ३० लाख झाली. त्याच निकालात जगलेल्याचाही हिशोब आला: कायमचं अपंगत्व येऊन कमाईच बुडाली तर निदान २० लाख, इतर अपंगत्वाला निदान १० लाख. हे माझ्या मते जास्त मोठं. मेलेल्याचा निदान मोर्चा निघतो, फोटो छापून येतो. फुप्फुस गेलेला, डोळे गेलेला घरी खाटेवर पडून असतो आणि बायको त्याच्या जागी झाडू धरते.

१९२३ चा कायदा आता वेगळा उरलेला नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून तो सामाजिक सुरक्षा संहितेत गेला. भरपाईचं प्रकरण तिथंही आहे. पण वस्तीतला कुणी असा जखमी झाला तर वकिलाआधी दवाखाना गाठा. पहिल्या दिवशीच्या केसपेपरावर नुसतं 'पडला' लिहू देऊ नका. 'गटारात उतरवला असताना' असं लिहून घ्या. कुणी उतरवलं त्याचं नाव, वेळ, रस्ता. तोच कागद पुढं मस्टरचं काम करतो.