मुंबई बंदर आणि चिलखती युद्धनौकेच्या रचनेचा विकास : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

प्रस्तावना :

विसाव्या शतकाच्या प्रारंभीच्या युद्धनौकांचा इतिहास सर्वसाधारणपणे १९०६ मध्ये जलावतरण झालेल्या ब्रिटिश ‘ड्रेडनॉट’पासून सांगितला जातो. या नौकेने जगातील सर्व जुन्या युद्धनौका एका रात्रीत कालबाह्य ठरविल्या, असे मानले जाते. हे विधान अंशतः खरे असले तरी ड्रेडनॉटमागे अर्धशतकाचे प्रयोग उभे होते. त्यांपैकी एक महत्त्वाचा टप्पा तिच्या पस्तीस वर्षे आधीच मुंबई बंदरात नांगर टाकून उभा होता. प्रस्तुत लेखात मुंबईच्या संदर्भात या रचनेच्या विकासाचा आढावा घेतला असून, नौका बांधणारी मुंबई केवळ नौकांचा खर्च सोसणारी कशी झाली, या प्रश्नाचा विचार केला आहे.

सागवानी नौकांचे युग :

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मुंबईची गोदी जगातील अग्रगण्य गोद्यांपैकी एक होती. वाडिया घराण्यातील जमशेटजी बमनजी यांनी येथे बांधलेली ७४ तोफांची ‘मिंडेन’ ही नौका १८१० मध्ये पाण्यात उतरली. १८२४ मधील ८४ तोफांची ‘एशिया’ ही मुंबईतच बांधलेली नौका १८२७ च्या नव्हारिनोच्या लढाईत ब्रिटिश सेनापतीची ध्वजनौका होती. १८१७ ची ‘ट्रिंकोमाली’ इंग्लंडमधील हार्टलपूल येथे आजही तरंगत्या अवस्थेत जतन केलेली आहे. मलबारचे सागवान आणि पिढीजात कारागिरांचे कौशल्य या दोन आधारांवर ही कीर्ती उभी होती.

फ्रान्सची ‘ग्लोआर’ (१८५९) आणि ब्रिटनची ‘वॉरियर’ (१८६०) या चिलखती नौकांनी हे दोन्ही आधार निरुपयोगी केले. आता लोखंडी पत्रे, बाष्पयंत्रे व अवजड तोफा ओतणारे कारखाने हवे होते आणि हिंदुस्थानात ते नव्हते. त्यातच १८६३ मध्ये ‘इंडियन नेव्ही’ हे स्वतंत्र नौदलही बरखास्त करण्यात आले.

‘मॅग्डाला’ आणि ‘अ‍ॅबिसिनिया’ :

मुंबई बंदराच्या संरक्षणासाठी हिंदुस्थानच्या तिजोरीतून दोन चिलखती नौका बांधण्याचे ठरले. ‘मॅग्डाला’ व किंचित लहान ‘अ‍ॅबिसिनिया’ या दोन्ही नौका लंडन येथे बांधल्या जाऊन १८७० मध्ये पाण्यात उतरल्या. १८६७ मध्ये मुंबईहून निघालेल्या अ‍ॅबिसिनियाच्या मोहिमेवरून त्यांची नावे ठेवण्यात आली.

या नौकांची रचना त्या काळी अभिनव होती. एडवर्ड रीड याने ‘सर्बेरस’ या नौकेसाठी योजिलेल्या आराखड्यावर ती आधारलेली होती. जुन्या नौकांत तोफा दोन्ही कुशींवर ओळीने असत व शिडांच्या दोरखंडांमुळे त्यांच्या माऱ्याला मर्यादा पडत. येथे शिडे पूर्णतः वगळण्यात आली. मध्यभागी चिलखती तटबंदी आणि तिच्या पुढील व मागील टोकांस प्रत्येकी दोन तोफांचा फिरता बुरूज, अशी मांडणी होती. चार तोफा दहा इंची होत्या. मात्र डेक पाण्यापासून अत्यंत कमी उंचीवर असल्याने खुल्या समुद्रात लढणे या नौकांना शक्य नव्हते. मॅग्डालाला तर मुंबईपर्यंतच्या प्रवासापुरत्या डोलकाठ्या बसवाव्या लागल्या. हेच तत्त्व रीडने ‘डिव्हास्टेशन’ (१८७१) या नौकेत खुल्या समुद्रासाठी विकसित केले.

ड्रेडनॉटकडे वाटचाल :

१८९० नंतरच्या बॅटलशिपमध्ये डेक उंच झाला, पोलाद सुधारले. परंतु पुढे दोन व मागे दोन ही मुख्य तोफांची मांडणी टिकून राहिली. १९०५ च्या त्सुशिमाच्या लढाईतील जपानी ध्वजनौका ‘मिकासा’ हिच्यावरही चार बारा इंची तोफा याच पद्धतीने होत्या. त्यांच्या जोडीला चौदा सहा इंची तोफा होत्या. पाणतिरांच्या भीतीमुळे लढाईचे अंतर वाढू लागले, तेव्हा या मिश्र तोफखान्याचा दोष स्पष्ट झाला. लांब अंतरावर वेगवेगळ्या आकारांच्या गोळ्यांमुळे उसळणारे पाण्याचे स्तंभ ओळखून नेम सुधारणे कठीण जाई.

ड्रेडनॉटमध्ये दहा बारा इंची तोफा एकाच जातीच्या होत्या. टर्बाइनमुळे तिला २१ नॉट वेग लाभला. ‘ओरायन’ (१९१०) मध्ये तोफा साडेतेरा इंची झाल्या व सर्व बुरूज मध्यरेषेवर आले. ‘क्वीन एलिझाबेथ’ (१९१३) वर पंधरा इंची तोफा आल्या आणि कोळशाऐवजी तेल वापरले गेले. म्हणजेच ड्रेडनॉटची क्रांती ही तोफांची एकरूपता, टर्बाइन व वेग यांची होती; बुरूज आणि शिडविरहित नौका हा तिचा पाया मात्र १८७० च्या सुमारासच घातला गेला होता. मॅग्डाला व अ‍ॅबिसिनिया या काळात मुंबईतच जीर्ण होत गेल्या आणि ड्रेडनॉटचा सांगाडा उभारला जाण्यापूर्वीच, १९०३–०४ मध्ये, विकल्या गेल्या.

खर्च कोणाचा, निर्णय कोणाचा? :

जपाननेही ‘मिकासा’ इंग्लंडमध्येच बांधून घेतली होती. तथापि ‘काँगो’ (१९१२) ही परदेशात बांधलेली शेवटची मोठी युद्धनौका ठरवून जपानने तिच्या भगिनीनौका स्वदेशी गोद्यांत बांधल्या. हिंदुस्थानला असा निर्णय घेण्याचा अधिकारच नव्हता. येथील महसुलातून ब्रिटिश नौदलाला दीर्घकाळ दरवर्षी एक लाख पौंड दिले जात. लष्करी खर्चाच्या वाटणीचा प्रश्न वेल्बी आयोगापुढे आला, तेव्हा दादाभाई नौरोजी आयोगाचे सदस्य होते आणि गोपाळ कृष्ण गोखले यांनी १८९७ मध्ये त्यापुढे साक्ष दिली. त्यांच्या टीकेचा रोख खर्च व अधिकार यांतील याच विसंगतीवर होता.

ही विसंगती समुद्रापासून दूर असलेल्या मराठवाड्यालाही चुकली नाही. १९४० मध्ये जलावतरण झालेली ‘निजाम’ ही विनाशिका हैदराबादच्या निजामाच्या आर्थिक साहाय्यातून उभी राहिली व ऑस्ट्रेलियन नौदलात दाखल झाली. ती बॅटलशिप नव्हती. परंतु बीडसारखे जिल्हे त्या वेळी हैदराबाद संस्थानात असल्याने, ज्यांनी समुद्र पाहिला नव्हता अशा रयतेच्या साऱ्याचाही त्या संस्थानी तिजोरीत वाटा होता.

निष्कर्ष :

युद्धनौकेची रचना ही केवळ अभियांत्रिकीची बाब नसून उद्योग, महसूल आणि राजकीय अधिकार यांच्या परस्परसंबंधांतून ती घडते. सागवानाच्या युगात मुंबईने नौका घडविल्या. लोखंडाच्या युगात तिने केवळ पैसा पुरविला. कारागिरांचे कौशल्य लोप पावले म्हणून हे घडले नाही, तर पोलादाचा उद्योग आणि निर्णयाचा अधिकार या दोन्हींच्या अभावी घडले. साकची येथील टाटांच्या कारखान्यातून १९१२ मध्ये पोलाद निघू लागले, तेव्हा पहिला अभाव काहीसा दूर झाला. दुसरा स्वातंत्र्यानंतरच दूर झाला. माझगाव गोदीत ब्रिटिश आराखड्यावर बांधलेली ‘नीलगिरी’ १९७२ मध्ये, तर भारतीय आराखड्यावर तेथेच बांधलेली ‘गोदावरी’ १९८३ मध्ये नौदलात दाखल झाली. ‘अ‍ॅबिसिनिया’ व ‘मॅग्डाला’ ही नावे दूर लंडनमध्ये ठरली होती. मराठवाड्याच्या सीमेवरून वाहणाऱ्या नदीचे नाव धारण करणाऱ्या नौकेचा आराखडा मात्र या देशातच तयार झाला होता.